आईपणाच्या पलीकडे : मराठी पडद्यावरील वयस्क स्त्री

१

बहिणाबाई चौधरी यांचे निधन डिसेंबर १९५१ मध्ये झाले. पुढच्याच वर्षी त्यांच्या गाण्यांचा संग्रह आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह प्रसिद्ध झाला, आणि १९५३ मध्ये त्याच अत्र्यांनी 'श्यामची आई' हा चित्रपट मराठी प्रेक्षकांसमोर ठेवला. या चित्रपटाला राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक मिळाले. दोन्ही कृतींचा खानदेशाशी संबंध आहे. बहिणाबाई आसोद्याच्या लेक आणि जळगावच्या सून. साने गुरुजींच्या कथेची भूमी कोकण असली तरी त्यांचे शिक्षकपण घडले ते पारोळ्याच्या शेजारच्या अमळनेरात. वर्ष-दीड वर्षाच्या अंतराने महाराष्ट्राला एकाच माणसाच्या हातून स्त्रीची दोन रूपे मिळाली, हा योगायोग साहित्येतिहासात नोंदला गेला. त्यातील विरोधाकडे मात्र फारसे लक्ष गेले नाही.

बहिणाबाईंच्या गाण्यांत वैधव्य सोसलेली, शेतात आणि जात्यावर राबलेली स्त्री स्वतः बोलते. ती जगाकडे पाहते, माणसांना जोखते, प्रसंगी देवालाही प्रश्न विचारते. 'श्यामची आई'मधील आई मुलाच्या आठवणीत बोलते. तिचे थोरपण निर्विवाद असले तरी ते श्यामच्या संस्कारांची सामग्री म्हणून आपल्यापर्यंत पोहोचते. ती स्वतः काय इच्छीत होती, हा प्रश्न त्या निवेदनाच्या रचनेतच बसत नाही. मराठी पडद्याने पुढील अर्धशतक या दोन रूपांपैकी दुसरे स्वीकारले. पहिल्याचे काय केले, हेही पाहण्यासारखे आहे. अनंत माने यांच्या 'मानिनी'त (१९६१) बहिणाबाईंची गाणी आली आणि घरोघरी पोहोचली. पण ती आली जयश्री गडकर यांनी रंगविलेल्या तरुण नायिकेच्या संसारकथेसाठी. आयुष्य भोगून झालेल्या स्त्रीचे शहाणपण पडद्यावर यायचे, तर त्याला तरुण चेहरा हवा, असा हा अलिखित करार होता.

मराठी चित्रपटाच्या समीक्षेत नायिकेची चर्चा पुष्कळ झाली. तमाशापटातील नर्तकी, कौटुंबिक चित्रपटातील सोशिक सून, 'उंबरठा'मधील घराबाहेर पडणारी सुलभा या सर्वांवर लिहिले गेले. नायिकेचे वय उलटल्यावर तिचे काय होते, हा प्रश्न मात्र 'चरित्र भूमिका' या सोयीच्या वर्गात ढकलला गेला. गेल्या पंचवीस वर्षांत मालिका आणि चित्रपट या दोन्ही माध्यमांत वयस्क स्त्री कथेच्या मध्यभागी आल्याचे दिसते. हे स्थानांतर खरे किती आणि वरवरचे किती, याचा विचार येथे करावयाचा आहे.

२

प्रथम 'वयस्क' या शब्दाचा पडद्यावरील अर्थ निश्चित केला पाहिजे. पडद्यावर स्त्रीचे वय वर्षांत मोजले जात नाही, ते नात्यात मोजले जाते. लग्नाच्या वयाचा मुलगा असलेली स्त्री वृद्ध होय, मग ती भूमिका करणारी नटी कोणत्याही वयाची असो. सुलोचना लाटकर यांचा जन्म १९२८ चा आणि रमेश देव यांचा १९२९ चा. तरीही 'मोलकरीण'मध्ये (१९६३) त्या आई आणि ते पुत्र होतात. अमिताभ बच्चन यांच्याहून लहान असलेल्या रोहिणी हट्टंगडी 'अग्निपथ'मध्ये (१९९०) त्यांची आई होतात. त्याआधी 'सारांश'मध्ये (१९८४) तरुण वयातच त्यांनी पुत्रवियोगाने खचलेली म्हातारी उभी केलेली असते. रीमा लागू यांचा जन्म १९५८ चा. 'मैंने प्यार किया'मधील (१९८९) त्यांचा पुत्र सलमान खान त्यांच्याहून सात वर्षांनी लहान होता, तर 'वास्तव'मधील (१९९९) पुत्र संजय दत्त जेमतेम वर्षाने.

या अभिनेत्रींचे सामर्थ्य वादातीत आहे, आणि प्रश्न त्यांच्या निवडीपुरता नाही. या प्रथेचा अर्थ असा, की पडद्यावरील आई हे चिन्ह आहे. ते शरीर नाही. केसांतील एक पांढरी बट, फिक्या रंगाचे लुगडे किंवा साडी, किंचित वाकलेला खांदा, थरथरता आवाज एवढ्या खुणांनी ते सिद्ध होते. परिणाम असा झाला, की वार्धक्याच्या चिन्हांनी पडदा भरला आणि वृद्ध स्त्रीचे खरे शरीर त्यावरून नाहीसे झाले. सुरकुतलेला हात, दुखणारा गुडघा, कमी झालेली दृष्टी, रात्री न लागणारी झोप यांना कथेत जागा उरली नाही. सूझन सोन्टाग यांनी १९७२ मध्ये वार्धक्याच्या दुहेरी मापाविषयी लिहिले होते : वय वाढताना पुरुष अनुभवी ठरतो, स्त्री मात्र बाद होते. भारतीय पडद्याने या मापात आणखी एक भर घातली. येथे बाद झालेल्या स्त्रीला देव्हाऱ्यात बसविण्यात आले. त्यामुळे बाद होण्याची वेदनाच दृष्टिआड झाली.

लॉरा मल्व्ही यांच्या १९७५ च्या प्रसिद्ध निबंधापासून चित्रपटसमीक्षा 'पाहणारा पुरुष आणि पाहिली जाणारी स्त्री' या द्वंद्वाभोवती फिरत आली आहे. वयस्क स्त्रीच्या बाबतीत हे द्वंद्व अपुरे पडते, कारण तिच्याकडे कोणी पाहत नाही. नजरेचा विषय होणे हे जसे ओझे, तसे नजरेबाहेर जाणे ही एक हद्दपारी असते. म्हणून येथे प्रश्न वेगळ्या तऱ्हेने विचारावा लागेल : जिच्याकडे कोणी पाहत नाही, ती स्वतः काय पाहते? आणि कॅमेरा कधी तिच्या डोळ्यांमागे उभा राहतो काय?

३

आईच्या या चिन्हाला जोडून दुसरे चिन्ह येते, ते सासूचे. ललिता पवार यांचे नाव त्याच्याशी कायमचे निगडित झाले आहे. येवल्यात जन्मलेल्या या अभिनेत्रीने मूकपटांपासून नायिका म्हणून काम केले होते. १९४२ मध्ये चित्रीकरणाच्या वेळी बसलेल्या एका चपराकीने त्यांच्या चेहऱ्याला पक्षाघात झाला आणि डावा डोळा अधू राहिला. नायिकापद संपले आणि त्या अधू डोळ्यातून खाष्ट सासू जन्मली. रामानंद सागर यांच्या 'रामायण' मालिकेतील (१९८७-८८) मंथरेपर्यंत ती पोहोचली. शारीरिक व्यंगाला दुष्टतेचे चिन्ह मानण्याच्या जुन्या संकेताचा येथे किती निर्दय उपयोग झाला, हा स्वतंत्र अभ्यासाचा विषय आहे.

खाष्ट सासूविषयी एक गोष्ट मात्र मान्य करावी लागते. मराठी व हिंदी पडद्यावर दीर्घकाळ ती एकटीच अशी वयस्क स्त्री होती, की जिला काहीतरी हवे असे. तिला सत्ता हवी असे, किल्ल्यांचा जुडगा हवा असे, मुलावरचा हक्क हवा असे. आई देत राही आणि सासू मागत राही. इच्छा असणारी वयस्क स्त्री कथेने खलपदाला नेली आणि शेवटी तिला शिक्षा केली किंवा रडवून शुद्ध केले. 'माहेरची साडी'च्या (१९९१) अफाट यशात उषा नाडकर्णी यांच्या सासूचा वाटा अलका कुबल यांच्या सुनेइतकाच होता. त्या सासूवर चरफडणाऱ्या प्रेक्षागारात सासू झालेल्या स्त्रियाही बहुसंख्येने होत्या, हे विसरता येत नाही. स्वतःच्या इच्छेचा धिक्कार करण्याचे शिक्षण त्या तेथे घेत होत्या, असे म्हटल्यास ते अतिशयोक्तीचे ठरू नये.

ललिता पवार यांच्याच दोन भूमिका या नियमाला अपवाद आहेत आणि अपवाद म्हणून बोलक्या आहेत. 'श्री ४२०'मधील (१९५५) केळी विकणारी आणि 'अनाडी'मधील (१९५९) घरमालकीण मिसेस डिसा या दोघी मायाळू, तोंडाळ आणि स्वतंत्र आहेत. दोघी स्वतःच्या मिळकतीवर जगतात आणि दोघीही एकत्र कुटुंबाच्या चौकटीबाहेर आहेत. म्हणजे वयस्क स्त्रीला व्यक्तिमत्त्व द्यायचे तर आधी तिला सासर-माहेराच्या व्यवस्थेतून बाहेर काढावे लागत होते. दुर्गा खोटे यांच्या चरित्रातही हाच विरोध दिसतो. पडद्यावर त्या 'मुघल-ए-आझम'मधील (१९६०) राजमाता किंवा 'बिदाई'मधील (१९७४) आई होत्या. प्रत्यक्षात त्यांनी आत्मचरित्र लिहिले, निर्मितीसंस्था चालविली, आणि 'वागळे की दुनिया' (१९८८) ही मालिका त्यांच्याच संस्थेची. उतारवयात कर्तृत्व गाजविणारी स्त्री भूमिका करीत होती. पण तशा स्त्रीची भूमिका कोणी लिहीत नव्हते.

४

दूरचित्रवाणी मालिकेने हे चित्र बदलले. त्याचे पहिले कारण काळाशी निगडित आहे. अडीच तासांच्या चित्रपटात आईच्या वाट्याला चार प्रसंग येतात. वर्षानुवर्षे चालणाऱ्या मालिकेला घरातील प्रत्येक माणसाचे दुःख लागते. दुसरे कारण प्रेक्षकवर्गाचे. संध्याकाळी संचासमोर बसणारी स्त्री पुष्कळदा स्वतः सासू किंवा सासू होऊ घातलेली असते. 'आभाळमाया'ने (१९९९) सुधा जोशी या प्रौढ, नोकरी करणाऱ्या स्त्रीला मध्यभागी आणले. 'चार दिवस सासूचे' (२००१ ते २०१३) या मालिकेचे तीन हजारांहून अधिक भाग झाले आणि रोहिणी हट्टंगडी यांची आशा देशमुख महाराष्ट्राच्या घराघरांत गेली. सासू येथे प्रथमच खलत्वातून मुक्त झाली. परंतु ती मुक्त झाली ती घराची राखणदार म्हणून. कुटुंब फुटू न देणे हे तिचे कार्य ठरले आणि तिच्या इच्छेची जागा तिच्या जबाबदारीने घेतली. पुढे 'होणार सून मी ह्या घरची'मध्ये (२०१३ ते २०१६) हट्टंगडी यांनीच केलेली 'आईआजी' या राखणदारीची पुढची पायरी होती.

२०१९ हे वर्ष या दृष्टीने महत्त्वाचे आहे. जुलैमध्ये 'अग्गंबाई सासूबाई' आणि डिसेंबरमध्ये 'आई कुठे काय करते' सुरू झाली. पहिलीत निवेदिता सराफ यांची आसावरी ही प्रौढ विधवा प्रेमात पडते आणि तिची सूनच तिचे लग्न लावून देते. दुसरीत मधुराणी गोखले-प्रभुलकर यांची अरुंधती पंचवीस वर्षांच्या संसारानंतर नवऱ्याची प्रतारणा ओळखते, घटस्फोट घेते, गाण्याकडे परतते, पुन्हा लग्न करते. बंगाली 'श्रीमयी'वर आधारलेल्या या कथेचे 'अनुपमा' हे हिंदी रूपही २०२० पासून लोकप्रिय झाले. एका विधवेच्या पुनर्विवाहासाठी एकोणिसाव्या शतकात ज्या समाजात पराकाष्ठेचे वाद झाले, त्याच समाजातील कुटुंबे रात्री जेवताना सासूच्या लग्नाची वाट पाहू लागली, हा बदल लहान नाही.

तरीही संहितेची रचना तपासली असता काही मर्यादा स्पष्ट होतात. आसावरीच्या प्रेमाला मान्यता लागते आणि ती मान्यता पुढची पिढी देते. सासूची पाठराखण करणारी सून ही आकर्षक कल्पना आहे. पण त्यामुळे वयस्क स्त्रीचे स्वातंत्र्य हे तरुण स्त्रीच्या उदारपणाचे फळ ठरते. आसावरीने मुलाला अतिलाडाने बिघडविले, हा तिच्यावरील आरोपही कथा शेवटपर्यंत वागविते. म्हणजे सुख मिळण्यापूर्वी तिने आई म्हणून आपला हिशेब चुकता केला पाहिजे. अरुंधतीची कथा अधिक धीट आहे. मालिकेचे शीर्षकच स्त्रीच्या अदृश्य श्रमाला हात घालते. आई कामाला जात नाही, म्हणून ती काही करीत नाही, हे वाक्य मध्यमवर्गीय घरात किती सहजपणे उच्चारले जाते ते प्रत्येक प्रेक्षकाला ठाऊक होते. पण नोव्हेंबर २०२४ पर्यंत, म्हणजे जवळजवळ पाच वर्षे, मालिका चालवायची तर अरुंधतीला स्थिर सुख देऊन भागत नाही. दुसरा नवरा कथेत मरण पावतो आणि ती पुन्हा जुन्या घराच्या दुःखात ओढली जाते. मालिकेचे अर्थकारण सोसण्यावर उभे आहे. जी स्त्री सोसणे थांबवील तिची मालिका संपेल. वयस्क स्त्रीच्या मुक्तीची कथा सांगणाऱ्या माध्यमाचीच ही अडचण आहे.

५

चित्रपटाला ही अडचण नाही. त्याचा शेवट ठरलेला असतो, म्हणून त्याला निर्णयाचे धाडस करता येते. बिपिन नाडकर्णी यांच्या 'उत्तरायण'मध्ये (२००४) शिवाजी साटम आणि नीना कुळकर्णी यांनी निवृत्तीच्या वयातील दोन शाळासोबत्यांचे प्रेम संयमाने रंगविले. जयवंत दळवींच्या 'दुर्गी'वर आधारलेल्या या कथेत परतून येणारा आणि शोधणारा पुरुष आहे; दुर्गीचे आयुष्य आपल्याला त्याच्या शोधातून कळते. तरीही वयस्क स्त्रीच्या चेहऱ्याकडे प्रेमाच्या दृष्टीने पाहता येते, ही गोष्ट या चित्रपटाने दाखवून दिली.

त्याहून मूलगामी काम सतीश मनवर यांच्या 'गाभ्रीचा पाऊस'ने (२००९) केले. विदर्भातील शेतकरी किस्ना आत्महत्या करील या भीतीने त्याची बायको सासूला आणि लहान मुलाला त्याच्यावर लक्ष ठेवायला सांगते. ज्योती सुभाष यांची म्हातारी आपल्या मुलाच्या मागे मागे हिंडते, त्याला न्याहाळते, त्याच्या हालचालींचा अर्थ लावते. या विनोदात विलक्षण करुणा आहे. मराठी पडद्यावरची सासू आणि सून येथे प्रथमच एका कामात भागीदार होतात, आणि ते काम पाहण्याचे आहे. वर विचारलेल्या प्रश्नाचे हे उत्तर होय : जिच्याकडे कोणी पाहत नाही तिच्यावर कथेने पाहण्याची जबाबदारी सोपविली आहे. ती मोठमोठी वाक्ये बोलत नाही, त्यागाची मूर्तीही होत नाही. घर टिकविण्याचे भय आणि कष्ट यांनी तिला माणूसपण आले आहे.

देवाशीष मखिजा यांच्या 'अज्जी'ने (२०१७) हे पाहणे कृतीपर्यंत नेले. चित्रपट हिंदी असला तरी त्यातील आजी मराठी रंगभूमीवर 'व्हय, मी सावित्रीबाई' हा प्रयोग करणाऱ्या सुषमा देशपांडे यांनी साकारली आहे. नातीवर बलात्कार झाल्यावर पोलीस आणि घरचे दोघेही गप्प बसतात, तेव्हा ही सांधेदुखीने वाकलेली, शिवणकाम करणारी म्हातारी खाटकाकडून मांस कापायला शिकते. सूडाच्या नैतिकतेविषयी मतभेद संभवतात. येथे महत्त्वाचे हे, की तिचे दुखणारे शरीर कथेत खऱ्या अर्थाने उपस्थित आहे. तिचे हळू चालणे हीच चित्रपटाची लय आहे. चिन्ह झालेल्या आईला येथे तिचे शरीर परत मिळाले.

या पार्श्वभूमीवर केदार शिंदे यांच्या 'बाईपण भारी देवा'चा (२०२३) विचार करावा लागतो. सहा बहिणी मंगळागौरीच्या स्पर्धेसाठी एकत्र येतात, एवढ्या साध्या कथेने मराठीतील सर्वाधिक उत्पन्न मिळविणाऱ्या चित्रपटांत स्थान मिळविले. नटून-थटून, घोळक्याने चित्रपटगृहात आलेल्या प्रौढ स्त्रिया हे त्या वर्षीचे सामाजिक दृश्य होते. समीक्षेने त्याची थट्टा करू नये. एरवी घराबाहेर पडायला ज्यांना कारण सांगावे लागते, त्यांनी स्वतःसाठी काढलेले ते तीन तास होते. चित्रपटाच्या आशयातही एक सूक्ष्म बंड आहे. मंगळागौर हे नवविवाहितेचे व्रत. येथे ते खेळ म्हणून संसाराची दशके पार केलेल्या स्त्रिया खेळतात. सौभाग्याच्या प्रार्थनेतून सौभाग्य गळते आणि खेळ तेवढा उरतो. मात्र प्रत्येक बहिणीचे दुःख तिच्या घरातच सुरू होते आणि घरातच मिटते. मालमत्ता, उत्पन्न, निवृत्तीनंतरचा खर्च, आजारपणातील परावलंबन या वयस्क स्त्रीच्या कठोर प्रश्नांना तो आनंदोत्सव स्पर्श करीत नाही.

६

या साऱ्या बदलाची भौगोलिक मर्यादा ध्यानात घेतल्याशिवाय त्याचे मूल्यमापन पुरे होणार नाही. धुळे-जळगाव रस्त्यावरील पारोळ्यासारख्या तालुक्याच्या गावी या मालिका पाहिल्या जातात. पण त्या पाहणारी स्त्री त्यांत नाही. आसावरी, अरुंधती आणि त्या सहा बहिणी पुण्या-मुंबईच्या प्रमाण मराठीत बोलतात. पारोळ्याच्या परिसरातील घरात बोलली जाते ती अहिराणी. आणि पडद्यावर बोलीभाषा आली तर ती बहुधा हशा मिळविण्यासाठी किंवा मोलकरणीच्या तोंडी येते. साठी उलटल्यावरही कापूस वेचणीला जाणाऱ्या स्त्रीला 'आई कुठे काय करते' हा प्रश्न कोणी विचारीत नाही. तिचे काम दिसते, पण मोजले जात नाही. तिच्या श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी कानबाई बसते, रोट होतात, भाऊबंद जमतात, जागरण होते आणि दुसऱ्या दिवशी विसर्जन होते. त्या विधीचे सारे बारकावे घरातील म्हाताऱ्या बाईला ठाऊक असतात आणि त्या दोन दिवसांत तिचा शब्द घरात अखेरचा असतो. वयस्क स्त्रीच्या अधिकाराचे असे देशी रूप हाताशी असताना पडद्याने मंगळागौरीपलीकडे पाहिलेले नाही.

हा आक्षेप प्रादेशिक अस्मितेचा नाही. वयस्क स्त्रीची भूमिका बदलली असे म्हणताना कोणत्या वर्गाच्या, कोणत्या भाषेच्या स्त्रीची, हे विचारणे भाग आहे. मध्यमवर्गीय स्त्रीला दुसरे लग्न, दुसरे करिअर आणि मैत्रिणी मिळाल्या. श्रमिक स्त्रीला 'गाभ्रीचा पाऊस' आणि 'अज्जी' यांसारखे मोजके चित्रपट मिळाले, आणि तेथेही तिची कथा आत्महत्या किंवा बलात्कार अशा संकटाच्या दारानेच आत येते. संकटावाचून, नुसत्या जगण्याच्या बळावर, शेतमजूर म्हातारी नायिका होऊ शकेल काय, हा प्रश्न अजून मोकळा आहे.

२०२३ च्या जूनमध्ये सुलोचनाबाईंचे निधन झाले. त्याच महिन्याच्या अखेरीस 'बाईपण भारी देवा' प्रदर्शित झाला आणि नोव्हेंबरमध्ये सुजय डहाके यांचा नवा 'श्यामची आई' कृष्णधवल रूपात आला. जुने चिन्ह आणि नवी प्रतिमा एकाच वर्षात शेजारी उभ्या राहिल्या. नव्याने जुन्याची जागा घेतली, असे म्हणणे घाईचे होईल. दोन्हींना प्रेक्षक आहेत, आणि पुष्कळदा ते एकच आहेत. बदलाची कसोटी नायिकेचे वय किती आणि तिचे लग्न झाले की नाही ही नव्हे. कथा तिच्या आठवणीतून उलगडते की तिच्याविषयीच्या दुसऱ्या कोणाच्या आठवणीतून, ही खरी कसोटी होय. या कसोटीवर आजवरचा मराठी पडदा अत्र्यांच्या चित्रपटाचा वारसदार ठरतो. अत्र्यांनीच ज्या संग्रहाला प्रस्तावना लिहिली त्याचा वारसा मात्र पडद्याने अजून उचललेला नाही. जात्याशी बसून स्वतःच्या शब्दांत जग जोखणारी बाई साहित्यात सत्तर वर्षांपूर्वी आली. तिचा आवाज तिच्याच वयाच्या चेहऱ्यातून ऐकू येणे अद्याप बाकी आहे.